चार स्टुलं आणि तीन पाकिटं

तिसरं पाकीट मी स्वतः नेऊन दिलं. पहिली दोन शिपायाबरोबर पाठवली होती. दोन्हींचं उत्तर आलं नाही, तेव्हा शिपायानेच काहीतरी घोळ घातला असेल, अशी मी मनाची समजूत करून घेतली. माऊसकाका संगणक खोलीच्या दारातच उभे होते. त्यांनी पाकीट घेतलं, उलटंसुलटं करून पाहिलं, खिशात घातलं आणि म्हणाले, "बरं, बाई. तुमच्या ऑफिसातला पंखा खडखडतोय. वेळ मिळाला की बघतो." माझ्या डोक्यात अशी तिडीक गेली म्हणून सांगू! त्या पाकिटात मी स्वच्छ शब्दांत लिहिलं होतं की तीस तारखेपर्यंत लेखी उत्तर दिलं नाहीत तर खोलीची किल्ली काढून घेतली जाईल. आणि हा माणूस मला पंख्याचं सांगतोय!

पण मी ओरडले नाही. हे मुद्दाम सांगते, कारण माझा आवाज शाळेच्या फाटकापर्यंत जातो हे सगळ्यांना ठाऊक आहे. एकोणीस वर्षं मी याच शाळेत भाषा शिकवली. राग नाकाच्या शेंड्यावर. यंदा मुख्याध्यापिका झाले तेव्हा लेकीने फोनवरून माझ्याकडून कबूल करून घेतलं, "आई, खुर्ची मोठी झाली, आता आवाज लहान कर. राग आला की बोलू नकोस, लिहून काढ." म्हणून लिहून काढत होते. तेही छापून नाही, हाताने, कारण माझं अक्षर चांगलं आहे. शाळेतल्या प्रत्येक फलकावर ते आहे, मी वेगळं सांगायला नको.

आता माऊसकाका कोण ते सांगते. हा माणूस मूळचा रेडिओ दुरुस्त करणारा. दुकान बंद पडलं तेव्हा शाळेत वायरिंग, दिवे, पंखे बघायला लागला. अकरा वर्षांपूर्वी आमचे संगणकाचे मास्तर वर्ष अर्ध्यावर टाकून निघून गेले. खोलीत आठ मशीन, वर्गात बत्तीस मुलं, आणि माऊस कुणी धरायचा यावरून रोज गुद्दागुद्दी. तेव्हाचे मुख्याध्यापक काकांना म्हणाले, "तुम्ही नुसते बसा हो तिथे. मुलं काही मोडणार नाहीत एवढं बघा." काका बसले, आणि दोन दिवसांनी अडगळीतून बत्तीस स्टुलं काढून घेऊन आले.

प्रत्येक मशीनपुढे चार स्टुलं. त्यांवर काकांनी रंगाने चित्रं काढली. एकावर डोळा, एकावर तोंड, एकावर हाताचा पंजा. चौथ्यावर नुसता वाकडा आकडा, कपडे अडकवायचा असतो तसा. त्या स्टुलाचं नाव 'का'. 'का'चं चित्र काढायला काही सुचलं नसेल, असं म्हणून आम्ही शिक्षक हसायचो. डोळ्याच्या स्टुलावरच्या मुलाने पडद्यावरचं सगळं मोठ्याने वाचायचं, एक शब्दही गाळायचा नाही. तोंडाने पुढे काय करायचं ते सांगायचं, पण कशालाही हात लावायचा नाही. हाताने माऊस आणि की-बोर्ड चालवायचा, पण अवाक्षर काढायचं नाही. आणि 'का'ने विचारायचं, "हे का?" त्याचं समाधान होईल असं उत्तर तोंडाने दिल्याशिवाय हात हलायचा नाही. दर दहा मिनिटांनी काका खिडकीच्या गजावर स्क्रूड्रायव्हर वाजवायचे आणि म्हणायचे, "सरका!" की सगळी एकेक स्टूल पुढे सरकायची.

माझा वर्ग भिंतीपलीकडे. पहिलं वर्षभर मी त्या गोंगाटाने वैतागून गेले होते. भिंतीवर डस्टर आपटायचे. बर्फ पाण्यावर तरंगतो, या एका धड्यावर तिकडे आठ 'का' एकाच वेळी किंचाळत असायचे. पण मग दिसायला लागलं, की माझ्या वर्गात तोंडाला कुलूप लावून बसणारी मुलं तिथे घडाघडा वाचतात. हुशार म्हणून मिरवणारी पोरं हाताच्या स्टुलावर दहा मिनिटं गप्प बसून दुसऱ्याचं ऐकतात. मशीन काही वेगळी नव्हती हो. पण चौघांच्या मध्ये ती ठेवली, की चौघं मिळून एक गोष्ट समजून घ्यायची.

काका हात मागे बांधून फिरायचे. "डोळे, मोठ्याने. मला इथे ऐकू आलं पाहिजे." कुणी पडद्याकडे बोट दाखवलं, तर म्हणायचे, "माझा चष्मा धुरकट झालाय, तूच वाच. आणि मला काहीच कळत नाही असं समजून सांग." नोटीस लागली की फलकापुढे उभे राहायचे, आणि जवळच्या पोराला विचारायचे, "काय लिहिलंय? बघू तुला कळलंय का." शिक्षकांच्या सभेत मी स्वतः उठून म्हटलं होतं, "मुलाकडून वाचून कसं घ्यावं ते या माणसाकडून शिका." माझे शब्द आहेत हे. आज आठवले की कानशिलं तापतात.

यंदा वरच्या कार्यालयातून दोन तपासनीस आले. सहावीच्या तासाला पंधरा मिनिटं बसणार होते, दीड तास बसले. मग पत्र आलं. ही पद्धत दुसऱ्या शाळांनाही सांगायची आहे, तेव्हा खोली सांभाळणाऱ्याने ती स्वतःच्या शब्दांत लिहून पाठवावी. तीस तारखेला पाच वाजेपर्यंत लेख आला नाही, तर शाळेला त्यात रस नाही असं समजून खोली बाहेरच्या प्रशिक्षकाकडे दिली जाईल. त्या प्रशिक्षकाची रीत मला माहीत होती: एक मूल, एक मशीन, कानाला हेडफोन. स्टुलं परत अडगळीत, आणि काका फाटकावर.

म्हणजे बघा, मी काकांच्या बाजूनेच होते. त्यांची खोली वाचवायला धडपडत होते. पहिल्या पत्रात गोडीगुलाबीने लिहिलं. दुसऱ्यात जरा खडसावलं. तिसऱ्यात मात्र राहवलं नाही. आणि तीन पत्रं हाती पडूनही हा बाबा ढिम्म! रोज हसतमुखाने "नमस्कार, बाई." मला वाटलं, कौतुकाने डोकं फिरलं. मुलांनी काका-काका करून शेफारवून ठेवलंय.

तीस तारीख उजाडली. टेबलावर काही नाही. दुसऱ्या तासाला मी तरातरा खोलीत गेले. सहावीची मुलं स्टुलांवर होती.

"काका, किल्ली."

"आत्ता? तास चालू आहे, बाई."

"किल्ली द्या."

त्यांनी खिशातून किल्ली काढली. माझ्याकडे बघत, अगदी खरंखुरं कोड्यात पडून विचारलं, "माझं काही चुकलं का?"

झालं! लेकीला दिलेला शब्द गेला खड्ड्यात. "काय चुकलं म्हणून विचारता? तीन पत्रं पाठवली तुम्हाला! तीन!"

त्यांच्या चेहऱ्यावरचा रंगच उडाला. "ती पत्रं... खोलीबद्दल होती?"

"नाही, लग्नाच्या पत्रिका होत्या!"

मी असं बोलले. मुलांच्या देखत, माझ्यापेक्षा वयाने मोठ्या माणसाला. काकांनी किल्ली माझ्या हातावर ठेवली. चष्मा काढून टेबलावर ठेवला, शेजारी स्क्रूड्रायव्हर ठेवला आणि दाराकडे निघाले. सहावीत एक मुलगी आहे, आवाज इतका बारीक की सगळे तिला शिट्टी म्हणतात. ती ताडकन उभी राहिली. तोंड उघडणार, तेवढ्यात काकांनी दारातून मान हलवली, नको म्हणून. ती बसली. काका गेले.

नियमाप्रमाणे खोलीतल्या सामानाची यादी तपासायला हवी होती. मी खण ओढला. आत स्क्रूंचा पत्र्याचा डबा, आणि डब्याखाली तिन्ही पाकिटं. तिन्ही बंद. डिंकसुद्धा सुटलेला नाही! माझ्या अंगाचा तिळपापड झाला. उत्तर दिलं नाही ते एक वेळ ठीक, पण उघडायचीसुद्धा तसदी नाही? मी इतक्या निगुतीने लिहिलेली पत्रं!

यादीची अक्षरं मला दिसेनात, माझा चष्मा ऑफिसात राहिला होता. म्हणून काकांचा उचलला आणि लावला. काही फरक नाही. कागद लांब धरला, जवळ धरला. चष्मा काढून रुमालाने पुसला, पुन्हा लावला. अक्षरं आधी होती तितकीच पुसट. चष्म्याला नंबरच नव्हता. साधी काच होती.

मी खुळ्यासारखी तो चष्मा हातात फिरवत राहिले. मग खणातली वही काढली. काका प्रत्येक मशीनची दुखणी त्या वहीत नोंदवतात हे मला माहीत होतं, उघडून कधी पाहिलं नव्हतं. पहिल्या पानावर एका मशीनचं चित्र, त्याच्या कडेला शिंकणारं नाक आणि तीन रेघा. दुसऱ्यावर मशीन आणि वर ऊन. अकरा वर्षांची वही ती. मी पान न् पान उलटलं. त्यात एकही अक्षर नव्हतं.

मटकन काकांच्या टेबलाशी खाली बसले. मान वर केली तर बत्तीस मुलं माझ्याकडे बघत होती, आणि एकाच्याही चेहऱ्यावर आश्चर्य नव्हतं. आश्चर्य फक्त मला होतं.

"तुम्हाला..." मी वही वर धरली. "तुम्हाला माहीत होतं?"

शिट्टी उठली. "हो, बाई. पहिल्याच दिवशी सांगतात."

"कोण सांगतं?"

"वरच्या वर्गातली मुलं. त्यांना त्यांच्या वरच्यांनी सांगितलेलं असतं. काकांना वाचता येत नाही, म्हणून मोठ्याने वाचायचं आणि नीट समजावून सांगायचं. आणि खोलीच्या बाहेर बोलायचं नाही."

"आणि तुम्हाला माहीत आहे, हे काकांना माहीत आहे?"

तिने जरा विचार केला. "आम्ही कधी विचारलं नाही, बाई."

अकरा वर्षं! दरवर्षी नवी मुलं. कुणी कुणाचा डबा खाल्ला हेसुद्धा यांच्या पोटात मधल्या सुट्टीपर्यंत राहत नाही. आणि ही गोष्ट अकरा वर्षं एका वर्गाने दुसऱ्याला दिली, आणि एकानेही बाहेर ब्र काढला नाही. आणि मी, भाषेची बाई, भिंतीच्या या बाजूला बसून डस्टर आपटत होते. मुलाचं वाचन कुठे अडखळतं ते मला दोन ओळींत कळतं, असा माझा तोरा! ज्याला वाचताच येत नाही, तो माणूस मला रोज नमस्कार करून जात होता आणि मला पत्ता नव्हता.

मग एकदम आठवलं. माझी लेक याच शाळेत शिकली. नऊ वर्षांपूर्वी याच खोलीत याच स्टुलांवर बसायची. मधल्या सुट्टीत फोन लावला.

"तुला माहीत होतं? माऊसकाकांचं?"

"वाचता येत नाही ते? हो."

"अगं, हो काय म्हणतेस! रोज जेवताना शाळेतलं इत्थंभूत सांगायचीस मला!"

"हे सोडून सांगायचे."

"का पण? मी आई आहे ना तुझी!"

"आई, तू दुसऱ्या दिवशी पाटी-पेन्सिल घेऊन त्यांच्या खोलीत गेली असतीस. सगळ्या शाळेसमोर. चांगल्या मनानेच गेली असतीस, पण गेली असतीस. आणि मग ते परत आले नसते." मग तिचा आवाज बदलला. "आज कुठून कळलं तुला? काय केलंस तू?"

किल्ली माझ्या मुठीत होती. इतकी घट्ट धरली होती की तिचे दाते तळहातावर उमटले होते.

"आई? काय केलंस?"

मी फोन ठेवून दिला. लेकीचा फोन असा मी जन्मात पहिल्यांदा ठेवला.

काका शाळेमागच्या गल्लीत राहतात. दोन खोल्या, फळीवर उघडे रेडिओ, भिंतीवर बायकोचा फोटो. मी गेले तेव्हा टेबलापाशी नुसते बसले होते. मला बघून उठले, खुर्ची पुसली. मी तयारी करून आले होते, काय काय बोलायचं त्याची. प्रत्यक्षात म्हटलं एवढंच, "काका, माझं चुकलं." आणि त्यांचा चष्मा टेबलावर ठेवला.

त्यांनी चष्म्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. पुढचं सांगावं लागलं नाही.

"ती होती तोवर ती वाचायची," फोटोकडे बघत ते म्हणाले. "दोन वर्षं झाली. बाकी सगळं मुलांकडून भागतं. पण ऑफिसचं पाकीट मुलांकडून कसं वाचून घेणार, बाई? त्यात तुमचं काही खाजगी असलं तर? आणि खरं सांगू का, तुम्ही ओरडला नाहीत. तुम्हाला राग आला की मला भिंतीपलीकडून कळतं. ओरडला नाहीत, तेव्हा म्हटलं, काही विशेष नसेल."

म्हणजे बघा! आयुष्यात पहिल्यांदा तोंड आवरलं, आणि त्यानेच घात केला. हसावं की रडावं तेच मला कळेना.

"शिकला का नाहीत?" मी विचारलं. विचारल्यावर जीभ चावली.

"शिकायच्या वयात दुकानात बसलो. मग लाज वाटायला लागली. मग एक दिवस मुलांचा शिकवणारा झालो. त्यानंतर कुणाला विचारणार?"

मी त्यांना सगळं सांगितलं. तपासनीस, लेख, पाच वाजेपर्यंतची मुदत, हेडफोन. हेडफोनचं ऐकून मात्र ते उभेच राहिले. "म्हणजे मुलांनी एकमेकांशी बोलायचंच नाही?"

"काका, मी लिहून देते. तुम्ही फक्त सही करा. तुमची सही तर छान येते."

"ती चित्र म्हणून पाठ आहे," ते म्हणाले. "पण त्यांनी स्वतःच्या शब्दांत म्हटलंय ना? मग खोलीत चला. लिहायची मला एकच रीत येते."

सव्वातीन वाजले होते. मी किल्ली लावून खोली उघडली आणि किल्ली काकांच्या हातावर परत ठेवली. काकांनी कोपऱ्यातलं मशीन चालू केलं. शिट्टीला डोळ्याच्या स्टुलावर बसवलं. 'का'वर वर्गातला सगळ्यात चिकट पोरगा, त्याला मुलं गोचीड म्हणतात. स्वतः काका तोंडाच्या स्टुलावर बसले. उरला हात.

"बाई, तुम्हाला टाइप करता येतं ना?"

"येतं की."

"मग बसा. पण हाताने बोलायचं नाही."

मी बसले. बाकीचे तीस भोवती उभे राहिले. काका सांगत गेले, मी टाइप करत गेले, शिट्टी वाचून दाखवत गेली. मध्येच गोचीड विचारायचा, "हात गप्प का?" काका सांगायचे, "ज्याच्या हातात माऊस असतो त्याला वाटतं सगळं आपल्यालाच कळतं. दहा मिनिटं त्याने दुसऱ्याचं ऐकलं, की मग खरंच कळायला लागतं." "तोंडाने हात का नाही लावायचा?" "स्वतः करून टाकणं सोपं असतं. दुसऱ्याला करता येईल असं सांगायचं, तर आधी आपल्याला नीट कळावं लागतं." मी एकोणीस वर्षं शिकवलं, पण हे इतक्या सरळ शब्दांत मला सांगता आलं नसतं. दोन वेळा त्यांचं वाक्य मला सुधारावंसं वाटलं. दोन्ही वेळा तोंड उघडलं, आणि बत्तीस जणांनी माझ्याकडे असं पाहिलं की मुकाट्याने मिटलं.

साडेचार वाजले. पान भरत आलं होतं. मग गोचीडाने विचारलं, "डोळ्याने मोठ्याने का वाचायचं? मनात वाचलं तर काय होतं?"

शिट्टीने त्याच्याकडे असं पाहिलं की वाटलं, आता फाडून खाते. पण तो 'का'च्या स्टुलावर होता, त्याने त्याचं काम केलं होतं. आणि 'का'ला उत्तर मिळाल्याशिवाय हात हलत नाही. माझी बोटं की-बोर्डावर तशीच राहिली.

काकांनी बराच वेळ त्या रिकाम्या ओळीकडे पाहिलं. मग म्हणाले, "लिहा. मला वाचता येत नाही. पडद्यावर काय आहे ते मुलांनी मोठ्याने वाचल्याशिवाय मला कळत नव्हतं, म्हणून मी मोठ्याने वाचायला सांगितलं. नंतर बघितलं, की मोठ्याने वाचलं की चौघांनाही जास्त कळतं. मग तोच नियम केला."

हा कागद वर जाणार. वाचता न येणाऱ्या माणसाला मुलांच्या खोलीत ठेवतं का कुणी? अकरा वर्षं जे या पोरांनी पोटात ठेवलं, ते हा माणूस माझ्या बोटांनी जगजाहीर करायला निघाला होता. मी वळले. "काका, हे नको. हे एक सोडून द्या, मी सांगते..."

"बाई," शिट्टी म्हणाली. रडत होती, पण आवाज नेहमीसारखाच बारीक आणि स्पष्ट होता. "हात बोलत नाही."

मी टाइप केलं. डोळ्यांपुढे सगळं धूसर झालं होतं, तरी एकेक अक्षर शोधून टाइप केलं. शिट्टीने वाचून दाखवलं, एक शब्दही न गाळता. काकांनी खाली सही केली, हळूहळू, चित्र काढतात तशी. पाचला दहा कमी असताना लेख वर गेला.

उत्तर यायला सतरा दिवस लागले. त्या सतरा दिवसांत काका रोज वेळेवर यायचे, खोली उघडायचे, स्क्रूड्रायव्हर वाजवायचे. माझ्या ऑफिसातला पंखाही दुरुस्त केला. जीव टांगणीला लागला होता तो माझा. अठराव्या दिवशी पाकीट आलं. ते मी फोडलं नाही. तसंच खोलीत घेऊन गेले, सहावीच्या तासाला.

काकांनी आधी माझ्याकडे बोट केलं, मग हाताच्या स्टुलाकडे. तिथलं पोरगं उठलं, मी जाऊन बसले. पाकीट त्यांनी शिट्टीला दिलं. तिने फोडलं आणि खणखणीत वाचलं. पत्र चारच ओळींचं होतं. लेख जसा आहे तसा, एक अक्षरही न बदलता सगळ्या शाळांना पाठवला जाईल. खोलीची किल्ली सध्याच्याच माणसाकडे राहील. पोरांनी असा गिल्ला केला की भिंतीपलीकडून कुणीतरी डस्टर आपटलं.

गोंगाट थांबला तसं काकांनी खण उघडला, डबा बाजूला केला आणि माझी तीन पाकिटं काढली. अजून तशीच बंद. "आता ही पण वाच," ते शिट्टीला म्हणाले. "पहिल्यापासून, क्रमाने."

शिट्टीने पाकिटांकडे बघितलं, मग माझ्याकडे. "कशाला, काका?" गोचीडाने विचारलं. "आता तर सगळं मिटलं."

"मला आलेली पत्रं आहेत ती," काका म्हणाले. "मला कुणी दुसरं लिहितं कुठे?"

शिट्टीने वाचलं. पहिलं पत्र, मग दुसरं. मग तिसरं. "आपला उद्धटपणा," तिने वाचलं. "आपली बेफिकिरी." "साधं उत्तर लिहिण्याइतकीही सभ्यता आपल्या अंगी नाही." सगळं मोठ्याने, एक शब्दही न गाळता, त्यांनीच शिकवलं होतं तसं. माझे शब्द, माझ्याच शाळेतल्या मुलीच्या बारीक आवाजात, बत्तीस मुलांसमोर. जमीन दुभंगून मला पोटात घेईल तर बरं, असं झालं.

शेवटच्या पूर्णविरामापर्यंत वाचून ती थांबली. काकांनी तिच्याकडून तिन्ही कागद घेतले, मांडीवर ठेवून सरळ केले, आणि एका ओळीवरून हळूच बोट फिरवलं.

"अक्षर कसं आहे गं?" त्यांनी विचारलं.

शिट्टीने वाकून पाहिलं. "सुंदर आहे, काका."

"वाटलंच होतं मला," ते म्हणाले. "बाईंचं अक्षर फार छान आहे, असं सगळे म्हणतात." त्यांनी कागदांची नीट घडी घातली आणि खिशात ठेवली. मी हाताच्या स्टुलावर होते, त्यामुळे मला काहीच बोलता आलं नाही.